माझे गाव किती मोठे? – रहिमतपूरचा इतिहास आणि लोकसंख्या (मराठी निबंध)



'माझे गाव' हा निबंध आपण दरवर्षी मुलांना लिहायला देतो आणि दरवर्षी वहीत तेच येतं. 'माझे गाव निसर्गरम्य आहे. गावात एक मंदिर आहे. गावातील लोक गुण्यागोविंदाने राहतात.' यात मुलांचा दोष नाही. आपणच फळ्यावर तसं लिहून देतो. मीही बारा-तेरा वर्षं तेच लिहून दिलं.

यावर्षी मात्र चौथीतल्या एका मुलाने विचारलं, "बाई, रहिमतपूर गाव आहे का शहर?"

मी लगेच म्हणाले, "शहर. आपल्याकडं नगरपालिका आहे की."

तो म्हणाला, "मग माझी आत्या पुण्यासनं आल्यावर 'गावाला आले' असं का म्हणती?"

सगळा वर्ग हसला. मला मात्र उत्तर सुचलं नाही. त्या उत्तराच्या शोधात आम्ही महिनाभर जे काही केलं, ते आज तुम्हाला सांगणार आहे. शेवटी त्यातून माझाच एक प्रश्न निघाला. तोही सांगते.

गाव की शहर?

आधी नियम पाहू. जनगणनेत एखाद्या ठिकाणाला शहर म्हणायचं असेल तर तीन अटी असतात. लोकसंख्या किमान ५,०००, काम करणाऱ्या पुरुषांपैकी किमान ७५ टक्के शेतीबाहेरच्या कामात आणि दर चौरस किलोमीटरला किमान ४०० माणसं. पण जिथं नगरपालिका आहे ते ठिकाण या अटी न तपासताच शहर धरलं जातं.

रहिमतपूरची नगरपालिका १८५३ सालची आहे. मुलांना मी म्हटलं, १८५७ चा उठाव आपण शिकलो ना, त्याच्याही चार वर्षं आधी. १८४८ मध्ये साताऱ्याचं राज्य इंग्रजांनी खालसा केलं आणि पुढच्या पाचच वर्षांत इथं नगरपालिका आली. म्हणजे कागदावर आपण पावणेदोनशे वर्षांचं शहर आहोत. पण १० हजार ते २० हजारांच्या मधली शहरं जनगणनेत चौथ्या वर्गात बसतात आणि राज्याच्या हिशोबात आपली नगरपरिषद 'क' वर्गातली. 'क' म्हणजे सगळ्यात लहान. एक मुलगी म्हणाली, "म्हंजे आपण शहरात चौथीत आहोत." तिचं हे वाक्य मी फळ्यावर लिहून ठेवलं.

गावाचा इतिहास

चौथीला परिसर अभ्यासात शिवछत्रपतींचा इतिहास असतो. अफजलखानाचा पाठ आला की मुलांचे डोळे मोठे होतात. १६५९ मध्ये खान विजापूरहून निघाला आणि वाईला येऊन थांबला. त्या वाटेवर रहिमतपूरचं नाव घेतलं जातं. हे सांगितल्यावर "आपल्या रस्त्यावरनं गेला का?" यावरच अर्धा तास गेला.

त्याच्याही आधीचा माणूस म्हणजे रणदुल्लाखान. विजापूरच्या मुहम्मद आदिलशहाच्या काळातला हा मोठा सरदार. शहाजीराजे बंगळूरच्या मोहिमेवर गेले ते याच्याच बरोबर. आपल्या गावातली जुनी कबर त्याच्या नावाने सांगतात. शेजारी मशीद आहे आणि मशिदीजवळ पाणी वर चढवण्यासाठी बांधलेला सुमारे पन्नास फूट उंचीचा भरीव मनोरा आहे. एका बाजूने त्याला चढ आहे. पाणी उंचावर नेलं की खाली येताना त्याला दाब मिळतो, हे तेव्हाच्या माणसांना पक्कं ठाऊक होतं. आत कमानीची एक खोली आहे, उन्हाळ्यात गारव्याला बसायची. विज्ञानाच्या तासाला पाण्याच्या दाबाचं उदाहरण म्हणून मी वर्षानुवर्षं इमारतीवरची टाकी काढत होते. घराशेजारचा मनोरा मला कधी सुचला नाही.

गावाचं नावही मुलांना फोडून दाखवलं. 'रहमत' म्हणजे कृपा, हा अरबी शब्द. 'पूर' आपला संस्कृत. दोन भाषा एका नावात किती वर्षं शेजारी-शेजारी नांदताहेत बघा.

नाटककार वसंत कानेटकर याच गावात १९२० मध्ये जन्मले. 'रायगडाला जेव्हा जाग येते' लिहिणारे ते हेच. पुढे प्राध्यापक म्हणून नाशिकला गेले आणि नाशिककरच झाले. हे सांगितल्यावर तोच आत्यावाला मुलगा म्हणाला, "मग त्यांची मोजणी नाशकातच झाली असणार." बरोबर आहे. जन्म आपल्या वहीत आणि मोजणी दुसऱ्याच्या.

आकडे काय बोलतात?

आता गणिताचा तास. १९०१ च्या जनगणनेत रहिमतपूरची लोकसंख्या होती पावणेसात हजारांच्या घरात. २००१ मध्ये साडेसोळा हजारांच्या आसपास आणि २०११ मध्ये साडेसतरा हजारांच्या वर. म्हणजे एकशे दहा वर्षांत गाव अडीचपटीपेक्षा थोडं जास्त वाढलं.

मुलांना वाटलं, केवढं वाढलं! मग मी दुसरा आकडा लिहिला. १९०१ मध्ये आजच्या भारताच्या भागात सुमारे २४ कोटी माणसं होती. २०११ मध्ये १२१ कोटी. म्हणजे पाचपट. महाराष्ट्र तर जवळजवळ सहापट वाढला. वर्ग एकदम गप्प झाला. एकजण म्हणाला, "बाई, मग आपली माणसं गेली कुठं?"

याचं एक उत्तर जुनं आहे. १८९१ मध्ये सातारा जिल्ह्यात सव्वाबारा लाखांच्या आसपास माणसं होती. १९०१ मध्ये ती साडेअकरा लाखांच्या खाली आली. त्या दहा वर्षांत प्लेग आला, दुष्काळ पडला. पुढे १९१८ ची इन्फ्लुएंझाची साथ आली आणि १९११ ते १९२१ या दशकात अख्ख्या देशाची लोकसंख्या घटली. कोरोना पाहिलेल्या आपल्याला ते आता समजायला जड जात नाही.

दुसरं उत्तर म्हणजे मुंबई. गिरणीत, गोदीत, बाजारात ओझी वाहायला सातारची माणसं गेली. १९६९ मध्ये माथाडी कायदा झाला तो अशाच माणसांसाठी, आणि त्यांचे नेते अण्णासाहेब पाटील हेही आपल्या पाटण तालुक्यातले. १९८२ च्या संपानंतर गिरण्या बंद पडत गेल्या. काही माणसं परत आली, बरीचशी तिकडंच राहिली. रेल्वे पुण्या-मिरजेच्या मार्गावर, आधी मीटरगेज, मग ब्रॉडगेज. गाडी माल आणते तशी माणसंही नेते.

पण हे फक्त आपलंच आहे असं समजू नका. नकाशात कोकण किनाऱ्यावर वेंगुर्ला शोधा. एके काळचं नावाजलेलं बंदर. सतराव्या शतकात तिथं डचांची वखार होती. घाटावरचा माल आंबोलीच्या वाटेने खाली उतरायचा आणि जहाजात चढायचा. १९०१ मध्ये वेंगुर्ल्यात एकोणीस हजार लोक होते, म्हणजे रहिमतपूरच्या जवळजवळ तिप्पट. पण रेल्वे गोव्याच्या मुरगाव बंदराला जाऊन मिळाली आणि घाटावरचा माल तिकडं वळला. २०११ मध्ये वेंगुर्ल्याची लोकसंख्या साडेबारा हजारही भरली नाही. समुद्र तिथंच आहे, बंदर तिथंच आहे, पण शहर शंभर वर्षांत आटलं. रहिमतपूर निदान हळूहळू का होईना वाढत राहिलं, कारण इथं जमीन आहे, ऊस आहे, आलं आहे, घेवडा आहे. आपल्या कोरेगाव तालुक्याच्या वाघ्या घेवड्याला भौगोलिक मानांकनही मिळालं आहे. ज्या गावाचं पोट एकाच गोष्टीवर असतं ते गाव ती गोष्ट गेली की बसतं, हे मुलांना वेंगुर्ल्यावरून बरोबर कळलं.

मी केलेली मोजणी

आता माझी गोष्ट. माझं माहेर विट्याकडचं. तिकडं गावागावातली माणसं गलाईच्या धंद्यात, सोनं-चांदी गाळायला देशभर पांगलेली. डी.एड. झालं, नोकरी लागली, लग्न होऊन रहिमतपुरात आले. २०११ च्या फेब्रुवारीत मी प्रगणक होते. बगलेत फॉर्मचा गठ्ठा आणि रोज संध्याकाळी शाळा सुटली की घरोघर.

एका घरात एक आजी एकट्याच होत्या. मी नावं विचारायला लागले. त्या म्हणाल्या, "ल्ही बाई, थोरला माथाडीत हाय मुंबईला. त्याची बायकू, दोन पोरं. धाकटा ठाण्याला."

मी म्हटलं, "आजी, ते इथं राहत नाहीत ना? मग त्यांचं नाव तिकडं लागतं."

"आगं, पर घर त्यांचंच हाय की. यात्रंला येत्यात."

"तसं चालत नाही आजी. नियम आहे."

आजी थोडा वेळ माझ्याकडं बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "मग मी एकलीच व्हय?"

तेव्हा मी तेवीस वर्षांची. अजून चाळीस घरं राहिली होती. "हो, एकच," असं म्हणून मी एक लिहिला आणि उठले. त्यांनी चहा ठेवला होता, तोही घेतला नाही. नियमाने मी बरोबर होते. पण बरोबर असणं आणि बरं वागणं या दोन गोष्टी वेगळ्या असतात, हे मला उशिरा कळलं. दोन मिनिटं बसून त्यांच्या नातवंडांची नावं नुसती ऐकून घेतली असती तरी जनगणनेचं काय बिघडणार होतं?

आज त्या घराला कुलूप असतं. यात्रेला उघडतं. २०११ ला निदान 'एक' होता.

त्याच फेब्रुवारीत आमच्या घरी दुसरे गुरुजी मोजणीला आले. माझं जन्मठिकाण विचारलं, इथं कधी आलात विचारलं, आणि कारणाच्या रकान्यात लिहिलं, 'विवाह'. तोवर मला कधी वाटलंच नव्हतं की मीसुद्धा स्थलांतरित आहे. देशातल्या बहुतेक स्थलांतरित बायका याच रकान्यात बसतात.

आणि आताचा प्रश्न

माझी शाळा पहिली ते चौथी. पट एकतीस, शिक्षक दोन. दर मे महिन्यात आम्ही दोघं घरोघर फिरतो, "मुलांना आपल्या शाळेत घाला" म्हणून सांगतो. गेल्या मे महिन्यात एका पालकांनी विचारलं, "बाई, तुमची मुलगी तर राहणार हाय ना हितं?"

माझी मुलगी माझ्याच शाळेत दुसरीत आहे. मिस्टर साताऱ्याला नोकरीला, रोज जाऊन-येऊन करतात. साताऱ्यात घर बघायचं चाललं होतं. तिथल्या एका शाळेचा प्रवेश अर्ज आणून मी कपाटात ठेवला होता. तरी मी म्हणाले, "हो, राहणार की."

ते खोटं होतं. त्यांनी विश्वासाने पोरीचं नाव घातलं.

यावर्षी मुलांनी 'आपली माणसं गेली कुठं?' असं विचारलं तेव्हा फळ्यावर मी प्लेग लिहिला, मुंबई लिहिली, गिरण्या लिहिल्या. खडू खाली ठेवताना वाटलं, यात आणखी एक ओळ हवी होती, कपाटातल्या अर्जाची. गाव काही एका दिवसात रिकामं होत नाही. एकेका कपाटातून जातं.

त्या शनिवारी शाळा सुटल्यावर मी त्या पालकांच्या घरी गेले. जे खरं आहे ते सांगितलं. ते चिडले नाहीत. जरा वेळानं म्हणाले, "मग बाई, आमालाबी इचार कराय लागंल." मी म्हटलं, "करा. पण शिकवण्यात मी कसूर करणार नाही, इथं आहे तोवर." यावेळी पुढे आलेला चहा मात्र घेतला. पूर्ण.

पुढची जनगणना २०२७ मध्ये आहे. संदर्भ दिवस १ मार्च. यावेळी म्हणे मोबाईलवर होणार, फॉर्मचा गठ्ठा नसणार. बहुतेक मला परत ड्युटी लागेल. त्या रात्री माझं घर रहिमतपुरात असेल की साताऱ्यात, ते अजून ठरलेलं नाही. मिस्टरांची दगदग खरी आहे, सासूबाईंना गाव सोडवत नाही हेही खरं आहे. अर्ज अजून कपाटातच आहे, पण आता तो मी कुणापासून लपवत नाही.

विद्यार्थी मित्रांनो, तुम्ही 'माझे गाव' लिहाल तेव्हा निसर्गरम्य नंतर लिहा. आधी आपल्या आळीत फिरा. किती घरं उघडी, किती कुलपात, ते मोजा. घरातल्या मोठ्या माणसांना विचारा, कोण कुठं गेलं आणि का गेलं. आणि एखाद्या आजीने जास्तीची नावं सांगितली तर 'चालत नाही' म्हणू नका. रकान्यात नाही बसली तरी वहीच्या मागच्या पानावर लिहून घ्या. आमच्या वर्गाने तसं केलं. मागची पानं भरली.

आणि हो, त्या आत्याचं उत्तर. मुलांनीच शोधलं. जिथं आपण राहतो ते शहर असू शकतं. जिथं आपण परत येतो, ते गाव.