पंधरा दिवसांचा फरक

बँकेत वीस वर्षं काढलेल्या माणसाला एक खोड जडते. समोर दोन तारखा आल्या की तो त्यांची वजाबाकी करतो. लग्नपत्रिका हातात पडली तरी मी आधी मुहूर्त पाहत नाही. लग्न पगारापासून किती दिवसांवर आलंय ते पाहतो, म्हणजे आहेराच्या पाकिटाची जाडी ठरवता येते. आमची ही म्हणते, "तुम्ही यमाच्या दारातसुद्धा व्हॅल्यू डेट विचाराल." विचारीन. त्यात गैर काय? पण ह्याच खोडीपायी गेल्या वर्षी मला खाली मान घालावी लागली, तीही घरच्या घरी.

चिऊ ही माझ्या थोरल्या भावाची मुलगी. सत्तावीस वर्षांची, बऱ्या पगाराची नोकरी. साखरपुडा झालेला, कार्यालयाची अनामत भरलेली, पत्रिका वाटून झालेल्या आणि लग्न तीन आठवड्यांवर. एका रविवारी सकाळी ती आमच्याकडे आली. हिनं पोह्यांसाठी फोडणीत कांदा टाकला आणि चिऊ जी उठली ती थेट मोरीत. बाहेर आली ती रडतच.

"काकू, बाबांना तू सांगशील?"

हिनं गॅस बंद केला. मी "मग पोह्यांचं काय?" असं विचारलं. घाबरलेला माणूस असंच काहीतरी बोलतो.

ही तिला घेऊन ओळखीच्या डॉक्टरीणबाईंकडे निघाली. रिक्षाचे पैसे द्यायला कुणीतरी हवं म्हणून मी बरोबर. डॉक्टरीणबाईंनी आधी आम्हां दोघांना बाहेर बसवलं आणि आत चिऊला एकटीलाच विचारलं, "तुला हे मूल हवंय का?" नको असेल तर 1971 सालच्या कायद्याप्रमाणे सज्ञान बाईची स्वतःची संमती लागते, नवऱ्याची नाही, बापाची नाही, आणि बाकावर बसलेल्या काकाची तर नाहीच नाही. चिऊ म्हणाली, "हवंय. फक्त इतक्यात नको होतं."

मग दार उघडून बाई आम्हांला म्हणाल्या, "सगळं व्यवस्थित आहे. सहा आठवडे झालेत."

झालं! माझ्या डोक्यात वजाबाकी सुरू झाली. होणारे जावई कंपनीच्या कामासाठी तीन महिने जर्मनीला गेले होते. त्यांना आणायला मुंबईच्या विमानतळावर मीच गेलो होतो. गाडी उभी केल्याची पावती माझ्या डायरीत होती, तारखेसकट. त्या पावतीला झाले होते चार आठवडे आणि दोन दिवस. सहातून चार गेले...

मी एक शब्द बोललो नाही. पण मोजणारी बोटं थांबवायला विसरलो. चिऊनं माझी बोटं पाहिली, मग माझ्याकडे पाहिलं. लहानपणी तिला सायकल शिकवताना न सांगता मी मागचा हात सोडला होता आणि ती पडली होती. तेव्हा तिनं असंच पाहिलं होतं.

रात्री मी तिसऱ्यांदा पाणी प्यायला उठलो तेव्हा हिनं विचारलं, "काय होतंय?" मी फरक सांगितला. ही ताडकन उठून बसली.

"दोन मुलांचे बाप झालात, तरी हे माहीत नाही? डॉक्टर दिवस धरतात ते शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून. मूल राहतं ते त्यानंतर साधारण पंधरा दिवसांनी. चाळीस आठवडे म्हणतात ना, त्यातले पहिले दोन आठवडे पोटात कुणी नसतंच!"

"म्हणजे ठेव ठेवायच्या आधीचं पंधरा दिवसांचं व्याज?"

"तसंच समजा. पाळीची तारीख बाईला सांगता येते. दुसरी तारीख कुणी डायरीत लिहून ठेवत नाही. तुम्हीसुद्धा नाही."

एवढं बोलून ही झोपली. मी जागाच. बँकेत एखादा फरक सापडेना, की तो आम्ही तात्पुरता सस्पेन्स खात्यात टाकतो. मी तिथे टाकली होती कडेवर खेळवलेली पुतणी, आणि तीही कशासाठी? तर हिशेबाची रीत मलाच ठाऊक नव्हती म्हणून.

सकाळी दाढी न करताच तिच्याकडे गेलो.

"काका, तू मोजलंस ना?"

"मोजलं. दोन आठवडे जास्त आले. चूक माझी होती."

"बाबाही मोजतील. बारशाला आलेलं प्रत्येक माणूस मोजेल. मूल झाल्याचं मला काही वाटत नाही रे. ह्या बोटांचं वाटतं."

मी हात खिशात घातले.

दादाला सांगितलं तेव्हा तो बराच वेळ गप्प बसला. मग म्हणाला, "कार्यालयाची अनामत परत मिळत नाही." लग्न होणार, हे मी त्यावरून ओळखलं. पुढं त्याला मुलाच्या कायदेशीरपणाची काळजी पडली. ती मी चटकन दूर केली. लग्न कायम असताना जन्मलेलं मूल कायदा त्या नवराबायकोचंच धरतो. लग्नाला किती महिने झाले ते विचारत नाही. 1872 सालच्या पुराव्याच्या कायद्यात हे 112 वं कलम होतं, 2024 पासून नव्या कायद्यात ते 116 वं आहे. कलमाचा आकडा बदलला, शहाणपण तेच राहिलं.

"ते असू दे. पण विहीणबाईंना काही कळता कामा नये," दादा म्हणाला.

आई कोपऱ्यात वाती वळत बसली होती. मान वर न करता ती म्हणाली, "आमच्या वाड्यात सातव्या महिन्यात झालेली पाच मुलं होती. त्यातली तिघं पुढं तालमीत जायची."

मी दादाकडे पाहिलं. दादा पंचाण्णव किलोचा आहे. पण ह्या वेळी मी वजाबाकी केली नाही.

"लपवतात ते चोरीचं," आई पुढं म्हणाली. "लाव गं फोन."

फोन चिऊनंच लावला. पलीकडून विहीणबाई म्हणाल्या, "अगं, मला परवाच कळलंय. तुझ्या आईबाबांना कसं सांगायचं ह्या विचारानं आमचंच जेवण जात नाहीये. आणि हे बघ, गौरीहर पुजताना उपाशी बसायचं नाही. मी केळी आणते."

त्यांनी केळी आणली, अख्खा घड. गुरुजींना उपवास मोडल्याचं कारण सांगणं भाग होतं. माझ्या पोटात गोळा आला. गुरुजींनी शांतपणे पळी खाली ठेवली आणि म्हणाले, "सोळा संस्कारांच्या यादीत गर्भाधान पहिलं. विवाह पार शेवटाकडे. यादीप्रमाणेच चाललंय." आणि होमाचा धूर लागू नये म्हणून पंखा त्यांनी स्वतः वळवून घेतला. लग्न लागल्यावर आल्यागेल्या प्रत्येक म्हातारीनं चिऊला 'अष्टपुत्रा सौभाग्यवती भव' असा आशीर्वाद दिला. आमच्या भाषेत, खातं आधीच उघडलेलं होतं.

सात महिन्यांनी चिऊला मुलगी झाली, चांगली तीन किलोची. बारशाला घर भरलं होतं. पाळण्याशी गेलो तर एक लांबच्या मावशी बाळाकडे बघत उभ्या. ओठ हलताहेत आणि पदराआड अंगठा एकेका पेरावरून सरकतोय. हे मोजणं मी कुठंही ओळखीन. चिऊनंही ते पाहिलं होतं. ती माझ्याकडे बघत होती.

मी मावशींच्या कानाशी गेलो.

"मावशी, सात आले ना? त्यात पंधरा दिवस अजून मिळवा. डॉक्टर धरतात."

मावशींनी दचकून पदर सावरला आणि घुगऱ्या आणायच्या निमित्तानं आत गेल्या. पाळण्यापाशी चिऊ कितीतरी वेळ हसत होती. बाळ शांत झोपलं होतं, हाताच्या मुठी घट्ट मिटून. त्याला अजून बोटं मोजता येत नव्हती.