एका संपादकाचे पुस्तक

कुकटपल्लीच्या हाउसिंग बोर्ड कॉलनीत राहावयास आलो, तेव्हा सामानाबरोबर वडिलांची पुस्तकांची पेटीही आली. तिच्यात अनंत भालेराव यांचा ‘हैदराबादचा स्वातंत्र्यसंग्राम आणि मराठवाडा’ हा ग्रंथ होता. वडिलांना भालेराव म्हणजे दैवत. स्टेट काँग्रेसच्या सशस्त्र लढ्यातून आलेला, गोविंदभाई श्रॉफांच्या डाव्या विचारांत वाढलेला हा माणूस पुढे ‘मराठवाडा’चा संपादक झाला आणि आणीबाणीत तुरुंगातही गेला. आ. कृ. वाघमारे यांनी 1938 साली सुरू केलेले हे पत्र निजामी बंदी आली की नाव बदलून निघे. तीच हट्टी परंपरा भालेरावांनी पुढे चालवली.

आयर्लंडच्या जेम्स कॉनोलीचे चरित्र वाचताना मला ते अनेकदा आठवले. कॉनोली समाजवादी, पत्रांचा संपादक, आयरिश इतिहासातील कष्टकऱ्यांवर ग्रंथ लिहिणारा. लेखणीकडून तो बंदुकीकडे गेला आणि 1916 साली, जखमी असल्याने खुर्चीला बांधून, त्याला गोळ्या घातल्या गेल्या. भालेरावांचा प्रवास उलटा. लढा संपल्यावर जगणे त्यांच्या वाट्याला आले, आणि जगणाऱ्याची परीक्षा मरणाऱ्यापेक्षा लांबते. (वडिलांना हे वाक्य मुळीच आवडले नसते.)

आमच्या खालच्या मजल्यावर नांदेडकडचे एक गृहस्थ राहतात. बँकेतून निवृत्त झालेले, वाचनाचे मोठे षौकी. त्यांना मी मोठ्या कौतुकाने तो ग्रंथ दिला. पंधरा दिवसांनी परत करताना म्हणाले, “सर, पुस्तक उत्तमच आहे. रझाकारांचे दिवस वाचताना अंगावर काटा आला. पण आमच्या वस्तीला आग लागली त्या आठवड्याचा ‘मराठवाडा’ कुठे मिळेल हो?”

मी गप्प राहिलो. 27 जुलै 1978 रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला डॉ. आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव केला आणि गावोगाव दलित वस्त्या पेटल्या. टेंभुर्णीचे पोचिराम कांबळे यांची हत्या झाली. भालेरावांनी आणि गोविंदभाईंनी हिंसेचे समर्थन केले नाही. पण नामांतराला विरोध केला, ‘मराठवाडा’ हे नाव लढ्यातून मिळाले आहे, या श्रद्धेने. ती श्रद्धा खोटी नव्हती, असे मी आजही मानतो. तिची किंमत मात्र ज्यांनी दिली, त्यांना ती कुणी विचारलीच नव्हती. भालेराव 1991 साली गेले. नामविस्तार 1994 साली झाला.

शेजाऱ्यांना मी म्हणालो, “जुने अंक कुठल्या ग्रंथालयात असतील तर पाहतो.” ते म्हणाले, “पाहा. सापडले तर दोघे मिळून वाचू. तुमच्या वडिलांनी तेव्हा ते वाचले असतीलच.”

वडील ‘मराठवाडा’ टपालाने मागवीत. 1978 चे अंक पेटीत नाहीत. ते त्यांनी रद्दीत घातले की फाडले, एवढे मला कळावयास हवे होते.