फाटक, वीट आणि उचल

१८९५ साली ल्यों येथे लुमिएर बंधूंच्या कॅमेऱ्यासमोर त्यांच्याच कारखान्याचे फाटक उघडले आणि कामगार स्त्रीपुरुष बाहेर पडले. छायाचित्रणाच्या काचा तयार करणारी ही माणसे आत नेमके काय करीत होती, हे मिनिटभराहूनही छोट्या त्या चित्रपटात दिसत नाही. बरोबर शंभर वर्षांनी, १९९५ मध्ये, हारुन फारोकी या जर्मन चित्रपटकाराने तेच दृश्य केंद्रस्थानी ठेवून एक निबंधपट रचला. फाटकांची अनेक दृश्ये एकापुढे एक मांडून त्याने दाखवले, की बहुतेक कथा काम सुटल्यावर सुरू होतात. श्रम मात्र भिंतीआडच राहतात.

फारोकीचा जन्म १९४४ चा, वडील भारतीय डॉक्टर. (यावरून त्याच्या भारतातील दृश्यांना वारशाची झालर लावण्याचा मोह टाळलेला बरा.) कलादालनांसाठी त्याने अनेक पडद्यांच्या दृश्यरचना केल्या. त्यांपैकी २००७ ची विटांविषयीची रचना विशेष महत्त्वाची. बुर्किना फासो, भारत आणि युरोप येथील वीटनिर्मिती व बांधकाम शेजारी-शेजारी असलेल्या दोन पडद्यांवर चालू राहते. एकीकडे गावातली माणसे हातोहात विटा पुढे देतात, दुसरीकडे यंत्रांच्या लांब रांगेत एखादाच माणूस दिसतो. निवेदन नाही. ‘मागासलेले’ आणि ‘प्रगत’ हे शब्द मुळात कालवाचक आहेत. हाताने वीट थापणारा माणूस त्यांच्यामुळे आपसूक भूतकाळात ढकलला जातो. दोन पडदे त्याला एकाच दिवसात आणून उभे करतात. त्यांच्यातला संबंध ‘नंतर’चा नसून ‘आणि’चा असतो. याच सामग्रीतून २००९ साली फारोकीने एकपडदी चित्रपट केला. तो अधिक सुघड आहे. परंतु एका पडद्यावर दृश्यामागून दृश्य येताच तो ‘नंतर’ हळूच परत येतो. पहिली रचनाच अधिक धीट म्हणावी लागेल.

तथापि एक प्रश्न उरतो. भारतातील वीटभट्टीवरचा मजूर बहुधा हंगामापूर्वी घेतलेल्या उचलीने बांधलेला असतो. हाताची लय, मातीचा ओलावा, साच्याचा आवाज हे सारे कॅमेरा टिपतो. उचल टिपत नाही. हातोहात जाणाऱ्या विटा आणि कर्ज फेडणाऱ्या विटा पडद्यावर सारख्याच देखण्या दिसतात. दृश्याची ही मर्यादा फारोकीला ठाऊक नव्हती असे नाही. नापाम बॉम्बवरील १९६९ च्या चित्रपटात, जखमांची चित्रे दाखवली तर प्रेक्षक डोळे मिटून घेतील असे सांगून त्याने जळती सिगारेट स्वतःच्या हातावर विझवली होती. सिगारेट सुमारे चारशे अंशांवर जळते, नापाम तीन हजारांवर, असे तो चित्रपट सांगतो. जे दाखवता येत नाही, त्याकडे तेव्हा त्याने बोलून निर्देश केला. विटांपुढे तो गप्प राहिला.

२०११ पासून आंत्ये एहमानसह त्याने पंधरा शहरांत कार्यशाळा घेतल्या. बंगळूर त्यांपैकी एक. अट एवढीच: एक किंवा दोन मिनिटे, काम हाच विषय, मध्ये कोठेही काट नाही. पुनरावृत्तीच्या कामाला आरंभ-अंत नसतो, त्यामुळे कॅमेरा कोठे सुरू करावा आणि कोठे थांबवावा, हे चित्रण करणाऱ्यालाच ठरवावे लागते. २०१४ साली फारोकीचे निधन झाले. एकसलग दोन मिनिटांच्या त्या चौकटीत भट्टीवरचा हात पूर्ण मावतो. परंतु त्याच्या उचलीचा हंगाम कोठे सुरू झाला, हे कोणत्या दृश्यात शोधावे?