डायरची उर्दू

मागच्या वर्षी इतिहासाचे सर रजेवर होते म्हणून आठवीचा तास माझ्याकडे आला. मी उर्दू आणि मराठी शिकवते, इतिहास माझा विषय नाही. धडा जालियनवाला बागेचा. बी.एड.च्या सराव पाठात जे जोशात सांगून शाबासकी मिळवली होती, तेच पुन्हा सांगितलं. जनरल डायरने 13 एप्रिल 1919 ला गोळ्या घातल्या आणि एकवीस वर्षांनी उधमसिंगाने लंडनमध्ये त्याला मारलं.

मागच्या बाकावरून एका मुलीने हात वर केला. "टीचर, वो तो ओड्वायर था. डायर तो पहलेच मर गया था."

तिचंच बरोबर होतं. 13 मार्च 1940 ला कॅक्स्टन हॉलमध्ये मारला गेला तो मायकल ओड्वायर, गोळीबाराच्या वेळचा पंजाबचा लेफ्टनंट गव्हर्नर. डायर 1927 साली इंग्लंडात आपल्या घरी आजारपणाने गेला. दर पंधरा ऑगस्टच्या भाषणात मी त्याला उधमसिंगाच्या हातून मारत आले होते. खरं सांगायचं तर मला त्याची शिक्षा हवी होती, म्हणून कधी तपासून पाहिलं नाही.

त्या रात्री वाचायला बसले. रेजिनाल्ड डायर 1864 मध्ये मरीला जन्मला, म्हणजे आजच्या पाकिस्तानात. बाप दारूच्या भट्टीचा व्यवस्थापक. सिमल्याच्या शाळेत शिकला, मग आयर्लंड, मग सँडहर्स्ट. 1885 मध्ये सैन्यात, नंतर ब्रह्मदेश, पहिल्या महायुद्धात इराणच्या सीमेवर. आपण त्याला जनरल म्हणतो, पण कायमचा हुद्दा कर्नलचा. ब्रिगेडियर जनरल ही पदवी तात्पुरती होती.

आणि त्याला उर्दू येत होती. इथे मी पुस्तक मिटून ठेवलं.

मी मुलांना नेहमी सांगते की दुसऱ्याची भाषा शिका, माणूस जवळ येतो. आमच्यासारख्यांनी घरात उर्दू आणि बाजारात मराठी बोलून हे रोज अनुभवलेलं असतं. डायर तर याच मुलखात वाढलेला.

13 तारखेच्या सकाळी त्याने अमृतसरमध्ये सभाबंदीची दवंडी फिरवली, उर्दूत आणि पंजाबीत. ती सगळ्या शहरात पोचलीच नाही. बैसाखीसाठी खेड्यांतून आलेल्यांना तर तिचा पत्ताही नव्हता. शहर आधीच तापलेलं होतं. डॉ. सैफुद्दीन किचलू आणि डॉ. सत्यपाल यांना 10 तारखेला पकडून नेल्यावर दंगल उसळली, त्यात काही युरोपियनही मारले गेले. संध्याकाळी डायर बागेत शिरला आणि एक शब्दही न बोलता गोळीबार सुरू केला. सुमारे दहा मिनिटं, 1650 गोळ्या. बंदुका धरणारे शिपाई आपलेच, गुरखे आणि शीख व सिंध पलटणींतले. हे लिहायला जड जातं, पण वगळून कसं चालेल? सरकारी आकडा 379 मृतांचा, काँग्रेसच्या चौकशीत सुमारे हजार.

त्याची उर्दू उघडली ती दुसऱ्या दिवशी. शहरातल्या प्रतिष्ठितांना कोतवालीत बोलावून तो उर्दूत बोलला: मी शिपाई माणूस आहे, तुम्हाला लढाई हवी की शांतता ते सांगा, शांतता हवी तर दुकानं उघडा.

पुढे हंटर समितीसमोर मुंबईचे वकील चिमणलाल सेटलवाड यांनी त्याला विचारलं, चिलखती गाड्या बोळातून आत गेल्या असत्या तर मशीनगन चालवल्या असत्या का? बहुधा हो, म्हणाला. समितीत तीन हिंदी सभासद होते: सेटलवाड, पंडित जगत नारायण आणि साहेबजादा सुलतान अहमद खान. हे खानसाहेब ग्वाल्हेरच्या, म्हणजे शिंद्यांच्या, संस्थानात अधिकारी. तिघांनी वेगळा अहवाल देऊन जास्त कडक ठपका ठेवला. ही नावं आपल्या भाषणांत का नसतात, कळत नाही. माझ्याही नव्हती.

खटला मात्र झालाच नाही. गोळीबारानंतर सुमारे दीड महिन्यातच अफगाण युद्धात ठल सोडवायला सरकारने डायरलाच पाठवलं. 1920 मध्ये नोकरी सोडायला लावली, पेन्शन राहिली. कॉमन्स सभेत चर्चिलने बागेतल्या कृत्याचा निषेध केला. लॉर्ड्सनी 129 विरुद्ध 86 मतांनी डायरची बाजू घेतली. एका वर्तमानपत्राने त्याच्यासाठी वर्गणी काढली, 26 हजार पौंड जमले.

दुसऱ्या दिवशी वर्गात गेले आणि माझी चूक फळ्यावर लिहून खोडली. कोतवालीतलं भाषणही सांगितलं. त्याच मुलीने विचारलं, "मग बागेत त्याने 'हट जाओ' एवढंही म्हटलं नाही?"

"नाही."

तिने ते वहीत लिहून घेतलं.