डावा डोळा

विंचूरच्या तीनपाटीवरून येवल्याकडं जाणारी एसटी पकडली की पाऊण तासाच्या आत जिथं उतरायचं, त्या चौकाचं नाव विंचूर चौफुली. येवल्यानं आमच्या गावाचं नाव आपल्या भर रस्त्यात असं बाळगलंय. आणि येवल्याचं एक नाव कितीतरी वर्षं आमच्या घराघरांत फिरत होतं. सोयरीक जमवायला माणसं बसली, मुलाची शेती, पाणी, कांद्याची चाळ असं सगळं विचारून झालं की मुलीकडची एखादी जाणती बाई हळूच विचारायची, “सासू ललिता पवार तर नाही ना?” सगळे हसायचे. पण विचारणारी हसायची नाही. तिला खरं उत्तर हवं असायचं.

ज्या बाईच्या नावानं ही भीती घातली जायची, ती आमच्याच शेजारची लेक आहे हे त्या बैठकीत फारसं कुणाला ठाऊक नसायचं. येवला म्हटलं की पैठणी आठवते, तात्या टोपे आठवतात, १९३५ साली बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली ती सभा आठवते, संक्रांतीचे पतंग आठवतात. शगुनांची अंबा आठवत नाही. मला याचं वाईट वाटतं.

अंबा लक्ष्मणराव शगुन. जन्म १९१६ चा, येवल्याचा. वडिलांचा रेशमाचा आणि सुती कापडाचा व्यापार, घर खाऊनपिऊन सुखी. त्याच्या तीनच वर्षं आधी याच जिल्ह्यातल्या त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणला होता. त्यात तारामतीच्या लुगड्यात अण्णा साळुंके उभे राहिले, कारण कॅमेऱ्यापुढं यायला बाई मिळेना. अशा काळात येवल्याच्या व्यापाऱ्याची पोर पुण्याला जाते, सरपोतदारांच्या आर्यन फिल्म कंपनीत लहानपणीच चेहऱ्याला रंग लावते, आणि मूकपटांतून मोठी होत नायिका होते, ही गोष्ट साधी नाही. ती नुसती नायिकाही राहिली नाही. ‘कैलास’ आणि ‘दुनिया क्या है’ या चित्रपटांच्या निर्मितीतही ती होती, आणि त्यातला दुसरा टॉलस्टॉयच्या कादंबरीवर बेतलेला होता. तेव्हा तिनं पंचविशीही गाठली नव्हती. दिग्दर्शक गणपतराव पवारांशी लग्न झालं आणि अंबाची ललिता पवार झाली. तो संसार पुढं मोडला, नाव राहिलं. नंतर राजप्रकाश गुप्तांशी त्यांनी संसार मांडला.

भालजींचा ‘नेताजी पालकर’, मास्टर विनायकांचा ‘अमृत’ अशी कामं चालू होती. मग १९४२ च्या सुमारास ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात एक प्रसंग आला. समोरच्या नटानं थोबाडीत मारायची. नट होते भगवानदादा. हात जोरात बसला. ललिताबाईंच्या डाव्या डोळ्याची शीर फुटली, चेहऱ्याच्या त्या बाजूवरून वारं गेलं. उपचार लांबत गेले. चेहरा बराचसा सावरला, डोळा मात्र कायमचा बारीक झाला. वय सव्वीस.

सव्वीस वर्षांच्या नायिकेचा चेहरा म्हणजे तिची भाकरी. तिथं वाकडेपण आलं की धंद्यातली माणसं हळहळतात आणि दुसरीकडं वळतात. ललिताबाई घरी बसल्या नाहीत. नायिकेची जागा गेली तर सासूची, आत्याची, मालकिणीची, कजाग शेजारणीची जागा त्यांनी घेतली, आणि पुढची पन्नासेक वर्षं ती कुणाला सोडली नाही. १९४४ च्या ‘रामशास्त्री’त त्या राघोबादादांच्या पत्नी आनंदीबाई झाल्या. राघोबादादांची आनंदवल्ली नाशिकजवळ, त्यांचा शेवट झाला तो येवल्याला लागून असलेल्या कोपरगावात. म्हणजे ‘ध’चा ‘मा’ करणारी म्हणून बदनाम झालेली ही बाई आमच्या मुलखात नांदलेली, आणि तिला पडद्यावर उभी करणारीही आमच्याच मुलखाची. शांतारामबापूंच्या ‘दहेज’मध्ये तर त्यांनी हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू अशी रंगवली की ती देशभर सासूची मूर्तीच होऊन बसली.

माझा आक्षेप इथं आहे. लोक म्हणतात, त्या डोळ्यानं त्यांना खलनायिका केलं. डोळा मिचमिचला की थिएटरात अंगावर काटा यायचा, हे खरं. पण दुष्टपणा डोळ्यात नव्हता. दुखावलेल्या डोळ्यात आपण दुष्टपणा पाहिला. काणा, तिरळा, कुबडा दिसला की त्याच्या मनातही वाकडं असणार, असं मानायची आपली फार जुनी खोड आहे. ललिताबाईंनी ती खोड ओळखली, तिच्यावर पोट भरलं, आणि तिच्याच आधारानं तिला खोटंही ठरवलं. हे दुसरं काम कुणी नीट पाहिलं नाही.

‘श्री ४२०’ मधली केळेवाली पाहा. मुंबईत नुकताच आलेला राज केळ्यांचा भाव करतो तेव्हा ती किती ठसक्यात घासाघीस करते, आणि पुढं त्याच पोरावर विश्वास टाकून घराच्या आशेनं पदरचे पैसे देते. डोळा तोच. ‘अनाडी’तली मिसेस डिसा पाहा. भाड्यावरून तोंडाचा पट्टा चालू आणि हातानं भाडेकरू पोराच्या पोटाची काळजी. ती मरते तीही ज्याच्या नोकरीत तो पोर आहे त्या शेठच्या कंपनीचं औषध घेऊन. या भूमिकेला फिल्मफेअर मिळालं, १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीनं गौरवलं. येवल्याच्या हातमागावरच्या अस्सल पैठणीचा पदर उलटून पाहिला तरी नक्षी तशीच दिसते. ललिताबाईंची खाष्ट बाई आणि मायाळू बाई अशाच एका धाग्यानं विणलेल्या होत्या. ओरडण्याचा सूरसुद्धा त्या बदलत नसत. फक्त ओरडल्यावर नजर कुठं ठेवायची, एवढंच बदलत.

पण माझ्या मनातून न जाणारी बाई आहे ‘प्रोफेसर’मधली. १९६२ चा चित्रपट, शम्मी कपूर पांढरी दाढी लावून म्हातारा शिक्षक झालेला. घरातली कडक, करवादणारी, भाच्यांना धाकात ठेवणारी सीतादेवी या म्हाताऱ्याच्या प्रेमात पडते. आरशापुढं बसते, नटते, लाजते. थिएटर हसून लोटपोट होतं, आणि चित्रपटाला ते हसू हवंच आहे. ललिताबाई मात्र त्या प्रसंगात हसवण्यासाठी काही करत नाहीत. चेहऱ्यावर पहिल्या प्रेमाची खरी घालमेल आहे. जिच्याकडं वर्षानुवर्षं कुणी बाई म्हणून पाहिलंच नाही, तिला कुणीतरी पाहिलं, असं तिला वाटतंय. वीस वर्षांपूर्वी जिच्या हातून नायिकापण निसटलं, ती नटी आरशासमोर हा प्रसंग करते आहे. माझ्या मते हिंदी पडद्यावर प्रौढ बाईचं प्रेम इतका मान ठेवून फार थोड्यांनी केलं असेल, तेही एका विनोदी चित्रपटाच्या मधोमध.

मग आली मंथरा. १९८७ साली रामानंद सागरांचं ‘रामायण’ सुरू झालं. रविवारी सकाळी ज्या घरी टीव्ही त्या घरी गल्ली गोळा व्हायची. बाया अंघोळी उरकून, पोरांना मांडीवर घेऊन बसायच्या. मंथरा कैकेयीच्या कानाशी लागली की मागून शिव्या सुरू व्हायच्या, मनापासून. माझी एक चुलत आजी कधी शिव्या द्यायची नाही. ती म्हणायची, “बाईला फार दुखत असंल गं तो डोळा.” तिला चित्रपटांतलं काही कळत नव्हतं. ललिता पवार हे नावही तिला सांगावं लागलं. सत्तरीतली ती नटी वाकून, कुबड सांभाळून चालत होती, एवढं तिनं पाहिलं होतं.

सातशेच्या वर चित्रपट झाले. मूकपटात सुरुवात केलेली ही बाई रंगीत दूरदर्शनवर घरोघरी पोचली. एवढा पल्ला तिच्या पिढीतल्या फार कमी जणींनी गाठला. २४ फेब्रुवारी १९९८ ला पुण्यात त्या गेल्या.

येवल्यात किंवा इथं विंचूरला कुणी तरुण मुलं ललिताबाईंबद्दल विचारतात तेव्हा मी त्यांना सासवांपासून सुरुवात करू देत नाही. ‘अनाडी’ लावा म्हणतो, मग ‘प्रोफेसर’, आणि लगेच १९७१ चा ‘आनंद’. त्यात त्या दवाखान्याच्या मेट्रन आहेत, कडक शिस्तीच्या, आणि मरणाच्या दारातला तो हसरा पेशंट त्यांना हां हां म्हणता आपलंसं करतो. ‘अनाडी’ हृषीकेश मुखर्जींचा, ‘आनंद’ही त्यांचाच. बारा वर्षांनी हृषीदांनी या मेट्रनला आडनाव तेच दिलं, डिसा. पुन्हा राग करणारी, पुन्हा माया लावणारी. देशानं ज्या चेहऱ्याला घाबरायचं ठरवलं होतं, त्या चेहऱ्यात आई पाहणारा दिग्दर्शक त्यांना भेटला, याचा मला आजही आनंद होतो.