उतार, रेषा आणि स्मरणरंजन

मराठी समीक्षेत 'नॉस्टॅल्जिया'साठी 'स्मरणरंजन' हा प्रतिशब्द रुळला आणि मूळ संज्ञेतील वेदना गळून पडली. योहानेस होफर या वैद्यकाच्या विद्यार्थ्याने १६८८ मध्ये 'परतणे' आणि 'वेदना' या अर्थांची दोन ग्रीक पदे जोडून हा शब्द घडवला, तो एका व्याधीचे नाव म्हणून. 'लाइन रायडर' या जुन्या संगणकीय खेळाविषयी आज पस्तिशीत आलेली पिढी ज्या सुरात बोलते, तो रंजनाचा की व्याधीचा, हे तपासण्याजोगे आहे.

बोश्तियान चादेझ या स्लोव्हेनियन विद्यार्थ्याने २००६ मध्ये तो रचला. पडद्यावर रेषा ओढायची, कळ दाबायची; मग घसरगाडीवरचा मफलरवाला मुलगा त्या रेषेवरून गुरुत्वाकर्षणाच्या हवाली होतो. गुण नाहीत, शत्रू नाही, जिंकणेही नाही. कळ दाबल्यावर रेषा ओढणारा केवळ प्रेक्षक उरतो. (रोलां बार्तचा 'लेखकाचा मृत्यू' अभ्यासक्रमात भेटण्यापूर्वीच अनेकांनी तो सायबर कॅफेत, तासाच्या भाड्याने, अनुभवला असावा.)

घाटकोपरमध्ये मात्र या खेळाचे वाचन एवढ्यावर थांबू शकत नाही. येथे बर्फ नाही, उतार आहे. टेकड्यांवर घरे एकावर एक चढत गेली आहेत. १२ जुलै २००० रोजी आझादनगर येथे दरड कोसळून साठांहून अधिक माणसे दगावली. त्यानंतर सहाच वर्षांनी आलेल्या या खेळात उतार हौसेने रेखाटायचा असतो. मुलगा आपटला की पुन्हा कळ दाबायची, आणि तो निमूटपणे आरंभबिंदूवर परत येतो. खेळाचे आकर्षण या परत येण्यात आहे. जगण्यातील उताराला ती कळ नाही. उपनगरी बालपणाच्या हळव्या वर्णनांत सायबर कॅफे येतो, टेकडी येत नाही. ही निवड निरागस मानता येणार नाही.

३१ डिसेंबर २०२० रोजी फ्लॅशचे पाठबळ संपले, तेव्हा असे खेळ हरवल्याची हळहळ व्यक्त झाली. वस्तुतः 'लाइन रायडर' नव्या तंत्रात उतरवला गेला असून आजही खेळता येतो. संहिता शाबूत आहे. स्वेतलाना बॉइम यांनी २००१ मध्ये पुनःस्थापक आणि चिंतनशील असे नॉस्टॅल्जियाचे दोन प्रकार कल्पिले. त्यांतील पहिल्याची मागणी येथे पुरी झाली, तरी हळहळ शमत नाही. हरवलेले मग खेळाबाहेरचे असले पाहिजे: शेजारच्या खुर्चीवरचा मित्र, संपत आलेला तास, आणि त्यानंतर चढायची ती वाट, जिच्या माथ्यावरची माती पावसाळ्यात कोणत्या रेषेने सुटेल हे कुणालाच आधी ओढून पाहता येत नव्हते.