चार किलो

पोस्ट मोठी आहे. पण ज्यांच्या दारात बोलेरो, थार, स्कॉर्पिओ किंवा कुठलीही "दणकट" गाडी उभी आहे, त्यांनी शेवटपर्यंत वाचा.

कालपासून आमच्या भागातल्या ग्रुपवर एक फोटो फिरतोय. एका जीपच्या कॅरिअरवर धान्याची पोती, त्यावर गाद्या, त्यावर ताडपत्री. मागचा दरवाजा दोरीने बांधलेला, मागची चाकं मडगार्डात घुसल्यासारखी. खाली लिहिलंय, "आपला वाघ, काय पण भरा." शंभरेक अंगठे आणि बदाम पडलेत. मी काही टाकलं नाही. कारण २०२१ साली असाच फोटो माझ्या गाडीचा होता आणि गाडीसमोर छाती काढून मीच उभा होतो.

२२ जुलै २०२१ ला चिपळूण पाण्याखाली गेलं, ते सगळ्यांना आठवत असेल. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात कराडहून आम्ही मंडळाची पोरं मदत घेऊन निघालो. सात सीटची फोर बाय फोर माझी, म्हणून जास्तीत जास्त सामान माझ्याच गाडीत. मागची सीट दुमडून तांदळाची २५ किलोची आठ पोती, पाण्याच्या बाटल्यांचे दहा बॉक्स, आट्याची पाकिटं, फिनेल आणि ब्लीचिंग पावडर. वर कॅरिअरवर चादरी आणि ताडपत्र्या. आत आम्ही पाच जण. निघताना कोणीतरी म्हणालं, "अजून दोन पोती बसतील की." बसलीही असती. जागा होती.

इथेच आपली सगळ्यांची चूक होते. आपण गाडी भरतो ती जागा बघून. गाडीला मात्र जागा कळत नाही, वजन कळतं.

पाटण, कोयनानगर, हेळवाकपर्यंत काही वाटलं नाही. स्टेअरिंग जरा हलकं झालंय असं एकदा वाटलं, तर मला ते बरंच वाटलं. कुंभार्ली घाट उतरायला लागलो. रिमझिम पाऊस, धुकं. मी तिसऱ्या गिअरमध्ये, उजवा पाय सतत ब्रेकवर. पाच-सहा वळणांनंतर जळका वास आला. पैलवान (आमच्यातल्या एकाला सगळे असंच म्हणतात) म्हणाला, "पुढच्या ट्रकचा असंल." पुढे ट्रक नव्हता. पुढच्या वळणावर ब्रेक दाबला तर पेडल चिखलात पाय घातल्यासारखं खाली गेलं. पुन्हा दाबलं, थोडं लागलं, पुन्हा खाली. समोरून एक टेम्पो वर येत होता. हँडब्रेक ओढला, गिअर कसाबसा दुसऱ्यात कोंबला आणि गाडी डोंगराकडच्या गटारात घातली. दरीच्या बाजूचा विचार मी आजही करत नाही.

गाडी तिरकी होऊन थांबली. पोती पुढे आली आणि मधल्या सीटवर बसलेल्या पैलवानाचं मनगट मोडलं. बाकी कुणाला काही नाही. खालून आलेल्या एसटीच्या ड्रायव्हरने गाडी थांबवली, आमच्याकडे न बघता आधी मागची चाकं बघितली आणि एवढंच म्हणाला, "ज्या गिअरमध्ये चढवता, त्याच गिअरमध्ये उतरवायची असते, दादा. आणि एवढं भरायचं नसतं."

गॅरेजमध्ये मिस्त्रीने ब्रेक ऑइल काढून दाखवलं, काळपट पडलेलं. तीन वर्षं बदललं नव्हतं. हे ऑइल हवेतला ओलावा शोषतं. नवं डॉट ३ ऑइल २०५ अंशाच्या खाली उकळत नाही, पण ओलावा धरलं की ती हद्द १४० अंशांपर्यंत उतरते. ऑइल उकळलं की नळीत वाफ होते, वाफ दाबली जाते आणि पेडल खाली जातं. म्हणजे सगळा दोष वजनाचा नव्हता. चुकीचा गिअर माझा, जुनं ऑइल माझं. पण या दोन्ही चुका मी रिकाम्या गाडीत वर्षानुवर्षं करत आलो होतो आणि गाडीने पोटात घातल्या होत्या. त्या दिवशी घातल्या नाहीत.

हिशेब सोपा आहे. २,६०० किलोची गाडी ५०० मीटर खाली उतरवायची तर जेवढी उष्णता तयार होते, तिच्यात साधारण चाळीस लिटर पाणी उकळेल. दोन मोठ्या बादल्या. इंजिनाला लहान गिअरमध्ये काम दिलं तर त्यातला मोठा वाटा ते घेतं. नाही दिलं तर सगळी उष्णता चार चाकांतल्या डिस्क आणि लायनरमध्ये जाते.

आता २,६०० हा आकडा कुठून आला ते सांगतो.

गाडी दुरुस्त होऊन आल्यावर मी आयुष्यात पहिल्यांदा मॅन्युअलची शेवटची पानं उघडली. तिथे दोन आकडे होते. रिकाम्या गाडीचं वजन १,६९० किलो. आणि ग्रॉस व्हेइकल वेट, म्हणजे माणसं, सामान, सगळं धरून गाडीचं जास्तीत जास्त वजन, २,२५० किलो. वजाबाकी ५६०. एवढंच मला गाडीत भरता येतं. आणि या ५६० मध्ये ड्रायव्हर येतो बरं का. कायद्यातल्या व्याख्येनुसार रिकाम्या वजनात गाडीचं नेहमीचं साहित्य धरतात, ड्रायव्हर धरत नाहीत. भरायला सुरुवात करायच्या आधीच मी स्वतः सामान असतो.

मग मी गाडी वजनकाट्यावर नेली. रिकामी, टाकी फुल, मी खाली उतरलेलो. पावती आली १,७७० ची. ऐंशी किलो जास्त! मला वाटलं काटा खराब आहे. काटेवाल्याने गाडीभोवती एक फेरी मारली आणि बोट दाखवत गेला. लोखंडी कॅरिअर. पुढे क्रॅश गार्ड. बाजूला फूटस्टेप. सगळं मी हौसेने बसवलेलं, ऐंशी किलो लोखंड. (क्रॅश गार्डवर कारवाई करा असं केंद्राने डिसेंबर २०१७ मध्येच राज्यांना कळवलं होतं. मी तो त्यानंतर बसवला होता. असो, आता काढलाय.)

तर उरले ४८०. आता आपल्या सोसायटीच्या, दवाखान्याच्या लिफ्टमधली पाटी आठवा: ६ व्यक्ती, ४०८ किलो. म्हणजे माणशी ६८. त्या हिशेबाने सात सीटवर सात माणसं बसली की झाले ४७६. उरले चार किलो.

चार किलो. म्हणजे एक कलिंगड.

सात सीटची गाडी, कंपनीच्या जाहिरातीत डोंगर चढणारी, आणि सगळ्या सीट भरल्यावर माझ्या गाडीत हिशेबाने एक कलिंगड मावतं. आणि आम्ही गणपतीला सात माणसं, सहा बॅगा, मिक्सर आणि वर कॅरिअरवर नारळाचं पोतं घेऊन गावाला जायचो. प्रत्येक गाडीचा आकडा वेगळा असणार, माझा तुमच्यावर लादत नाही. पण तुमचा काढलाय का कधी?

चिपळूणच्या दिवसाचा हिशेब मग वहीत मांडला. काट्यावरचे १,७७०. आम्ही पाच जण ३९०, कारण आमच्यात ६८ चा एकही नाही. तांदूळ २००. पाणी १२०. आटा ५०. फिनेल वगैरे ४०. चादरी, ताडपत्र्या ६०. एकूण २,६३०. मर्यादेच्या वर ३८० किलो. आणि आम्हाला अजून दोन पोती बसतील असं वाटत होतं.

मिस्त्रीला हे दाखवलं तर तो म्हणाला, "मागं एक पाटा वाढवू, परत बसायची नाही." हा आपल्याकडचा रामबाण उपाय. पाटा वाढवला की गाडीची मागची बाजू वर राहते, दिसायला ताठ दिसते. पण ब्रेक तेच, बेअरिंग तीच, अ‍ॅक्सल तोच, चासी तीच. कंपनीने दिलेला आकडा या सगळ्यांतल्या सगळ्यात कमजोर भागाला धरून असतो. एक भाग भक्कम केला म्हणून आकडा वाढत नाही. उलट मागची बाजू दबलेली दिसायची, हा एक इशारा होता, तोही आपण बंद करतो.

टायरचंही तसंच. टायरवर साइझच्या पुढे एक आकडा असतो. तो १०० असेल तर एक टायर जास्तीत जास्त ८०० किलो घेतो, १०५ असेल तर ९२५. लोक चार टायरची बेरीज करून म्हणतात, बघा, साडेतीन टनाची गाडी आहे आपली! एक तर ती क्षमता पुरेशी हवा असल्यावरच असते. खडकाळ रस्त्यावर बरं चालावं म्हणून हवा कमी केली की क्षमताही कमी होते. आणि दुसरं, चारही टायरवर सारखं वजन कधीच येत नाही. मागच्या चाकांच्याही मागे, दरवाजाला टेकवून २०० किलो ठेवलं तर मागच्या अ‍ॅक्सलवर २०० नाही, साधारण २६५ येतं. वरचे ६५ पुढच्या चाकांवरून उचलले जातात. उखाणा नाही, शाळेतली तरफ आहे. हेळवाकला स्टेअरिंग हलकं का लागलं, ते मला काटा बघितल्यावर कळलं. पुढची चाकं रस्ता नीट धरतच नव्हती.

टपाचं तर विचारूच नका. बऱ्याच गाड्यांच्या पुस्तकात टपावर ५० ते १०० किलोच सांगितलेले असतात, त्यातही कॅरिअरचं स्वतःचं वजन धरून. कच्च्या रस्त्याला तर त्याहून कमीच बरं. धनगरवाड्याच्या वाटेला गाडी एका अंगावर कलते तेव्हा टपावरची पोती तिला त्याच बाजूला ओढतात.

आता सार्वजनिक मुद्दा, कारण ही नुसती माझ्या गाडीची गोष्ट नाही.

मोटार वाहन कायद्याचं कलम ११३ म्हणतं, नोंदणीतल्या एकूण वजनापेक्षा जास्त भरून कुठलीही गाडी चालवायची नाही. कुठलीही, फक्त ट्रक नाही. २०१९ च्या दुरुस्तीनंतर कलम १९४ मध्ये दंड आहे २०,००० रुपये आणि वर प्रत्येक जादा टनाला २,०००. पण गाडी काट्यावर न्यायला लावायचा अधिकार देणारं कलम ११४ आहे, ते मालवाहू गाडी आणि ट्रेलरपुरतं. म्हणजे मर्यादा सगळ्यांना, तपासणी फक्त मालगाडीची. माझ्यासारख्या खासगी गाडीवाल्याला हेल्मेट, पीयूसी, इन्शुरन्स सगळं विचारून झालं, पण वीस वर्षांत एकदाही कुणी "भरलंय किती?" विचारलं नाही. मला दंड हवाय असं नाही. पण विचारायला हवं होतं.

वडापवाल्यांना मात्र यात लगेच ओढू नका. जिथे दिवसाला एक एसटी, तीही आली तर आली, तिथे जीपमध्ये चौदा माणसं का बसतात, ते त्या गावात राहणाऱ्याला विचारा. त्यांची नड आहे. आमची नड नव्हती. आमच्याकडे दुसरी गाडी रिकामी उभी होती. आम्हाला एकाच गाडीचा फोटो भारी काढायचा होता.

आपल्या भागात साखर कारखाने किती आहेत, आणि प्रत्येकाच्या दारात काटा. उसाचा हंगाम दिवाळीच्या आसपास सुरू होऊन उन्हाळ्यात संपतो. पूर येतो जुलै-ऑगस्टमध्ये. म्हणजे मदतीच्या गाड्या निघतात नेमक्या तेव्हा हे काटे मोकळे असतात. कारखान्यांनी आणि तहसील कचेरीने मिळून एवढंच ठरवावं की पावसाळ्यात मदत घेऊन निघालेली गाडी काट्यावर फुकट तोलून मिळेल. आधी पुढची चाकं, मग मागची, मग पूर्ण गाडी. पाच मिनिटांचं काम. निवेदन लिहून तयार आहे, सोमवारी देणार आहे, ज्यांना सही करायची त्यांनी मंडळाच्या ऑफिसवर यावं.

तोवर आम्ही मंडळात आमच्यापुरतं सुरू केलंय. मागच्या पावसाळ्यात तीन गाड्या निघाल्या, तिन्ही गावाबाहेरच्या खासगी काट्यावर तोलल्या. एक गाडी ११० किलोने जास्त भरली. पोरं कुरकुरली, भर पावसात चार पोती आणि एक बॉक्स उतरवून दुसऱ्या गाडीत टाकावा लागला. तोलायला पैलवान उभा होता. त्याचं मनगट अजून पूर्ण वळत नाही, पावती डाव्या हाताने धरतो.

फोटोतल्या त्या जीपवाल्याला मी खासगीत मेसेज केलाय. अजून उत्तर नाही. गाडी कोणत्या घाटाने जाणार, तेवढं तरी कोणी कळवा.